म्हातारी गोळ्यांवर

शुक्रवार, ३ ऑक्टोबर. संध्याकाळी पाच वाजून चाळीस मिनिटं. आत्तापर्यंत शेगडीमागे टॉर्च धरून पालथा पडलो होतो. हात दोनदा धुऊन मग कागद घेतला.

मामा,

सप्रेम नमस्कार. तुमचा भाचा लिहितो आहे. शेवटचं पाहिलंत तेव्हा मी पंधरा वर्षांचा होतो, आता चोवीस पूर्ण. लाकडाच्या वखारीत आलेला-गेलेला माल मोजून लिहिण्याचं काम करतो. नववीनंतर शाळा सुटली, पण शुद्धलेखन सोडलेलं नाही.

तुमचा पत्ता शेगडीच्या जुन्या आराखड्यामागे तुमच्या कारखान्याच्या शिक्क्यात सापडला. तुम्हाला फोनवर ऐकू येत नाही असं बाबा सांगायचे, म्हणून पत्र. आईला हे माहीत नाही. तुमचं नाव निघालं की ती भांडी घासायला उठते, घासलेली असली तरी.

कारण असं. आईचा खोकला दोन हिवाळे गेलेला नाही. डॉक्टरीणबाईंनी यंदा स्पष्ट सांगितलं, लाकडाचा धूर घरातून गेलाच पाहिजे, नाहीतर या थंडीत तिला पुन्हा दवाखान्यात ठेवावं लागेल आणि यावेळी किती दिवस ते त्या सांगणार नाहीत. मी नवी शेगडी आणायची म्हटलं. आई म्हणाली, "ही जाईल त्या दिवशी मीही जाईन." का, ते सांगत नाही. ही शेगडी तुम्ही तिच्या लग्नात स्वतः घडवून दिली होती, एवढंच मला माहीत आहे.

म्हणून हीच शेगडी पेलेटवर चालवायचं ठरवलं आहे. पेलेट म्हणजे लाकडाचा भुसा दाबून केलेले पेन्सिलीएवढे जाड, नखाएवढे लांब तुकडे. आमच्या वखारीच्या भुशाचेच होतात. धूर जवळजवळ नाही. लाकडाच्या जाळीवर ते टिकत नाहीत, खाली पडतात, म्हणून आत बसेल अशी भोकांची पेटी करायची आणि वर उतरता डबा, म्हणजे जळतील तसे नवे घसरतील.

तीन प्रश्न आहेत. एक, पेटीला भोकं किती मोठी? दोन, पत्रा किती जाड? तीन, आराखड्यात मागच्या बाजूला खाली "हवेचं तोंड, ४ इंच × १.५ इंच" असं दाखवलं आहे. मला ते सापडत नाही. तिथे एक पत्रा आहे आणि सहा रिव्हेट. ते तोंड कुठे आहे?

तुमचा भाचा

(वहीतल्या नकलेखाली टीप: पत्रात दोन ठिकाणी "म्हातारी" लिहिलं गेलं होतं, ते खोडून कोरा कागद घेतला आणि "शेगडी" केलं. बाबा गेल्यावर आईनं तिला हे नाव ठेवलं, आता सगळी गल्ली तसंच म्हणते. पण ज्यांनी घडवली त्यांना वाईट वाटेल. तसंच घरात आम्ही "गोळ्या" म्हणतो. पोत्यावर "पेलेट" छापलंय म्हणून पत्रात तोच शब्द. चुका नाहीत.)

---

११ ऑक्टोबर

मास्तर,

तुझं अक्षर बघून आधी वाटलं कोर्टाची नोटीस आली. मुंग्या रांगेत चालल्यासारखं लिहितोस. आणि हे "तुम्ही तुम्ही" काय लावलंय? माझ्या खांद्यावर बसून माझी टोपी चावायचास, तेव्हा नाही तुम्ही म्हणालास.

पेलेट म्हणे. इथेही विकतात, मला कोंबड्यांचं खाद्य वाटलं होतं. असो. जळतं ते जळतं.

पेलेट सहा मिलिमीटरचा असेल तर भोक चारचं. सहाचं पाडशील तर सगळा माल राखेच्या कप्प्यात. पत्रा तीनचा घे, पातळ घेतलास तर महिन्याभरात वाकडा होऊन तुलाच हसेल. उतरत्या डब्याचा उतार पंचेचाळीसपेक्षा जास्त ठेव, नाहीतर अडकून बसतील. आणि लक्षात ठेव, लाकूड वरून हवा घेतं, हा तुझा भुसा खालून घेणार. खालून हवा नाही तर काही नाही.

पोती कोरडी ठेव. भिजला की परत भुसा.

खोकला किती दिवसांचा? रात्री जास्त का सकाळी? तिखट बोलते का अजून? बोलत असेल तर फार काळजी नको.

मामा

---

गुरुवार, १६ ऑक्टोबर. सकाळी सहा पस्तीस. पेटीला एकशे बारा भोकं पाडून झाली, एकशे तेराव्याला ड्रिलचं पातं तुटलं. नवीन पातं मिळायला दुकान नऊला उघडतं, तोवर हे पत्र.

मामा,

तुमचं पत्र पोचलं. आईच्या हाती लागू नये म्हणून वखारीच्या पत्त्यावर मागवलं होतं ते बरं झालं.

खोकला सकाळी जास्त. तिखट बोलते. काल मला म्हणाली, "तू शेगडी सुधारतोयस का तिच्याशी लग्न ठरवतोयस, सारखा चिकटलेला असतोस." मग हसता हसता खोकला आला आणि पाच मिनिटं थांबला नाही. मी घड्याळ बघत होतो. गेल्या आठवड्यात तीन मिनिटं होता.

पत्रा तीनचा आणला. डब्याचा उतार पन्नास अंश ठेवला. शेजारच्या रंगाऱ्यानं त्याचा हातपंखा दिला आहे, फिरवून वारा घालायचा, भाडं दिवसाला चाळीस. तो म्हणतो, "तू एवढं मोजतोस, की पेटायच्या आधी थंडी संपेल." पण मला मोजल्याशिवाय चैन पडत नाही. झोपेतही भोकं मोजतो.

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर तुमच्या पत्रात नव्हतं, बहुधा राहून गेलं. मागचं हवेचं तोंड कुठे आहे? तुम्हीच लिहिलंत की हवा खालून हवी. पुढच्या दाराची झडप वर आहे. मग खालून कुठून येणार?

थंडी सुरू झाली आहे. डॉक्टरीणबाईंनी पंधरा नोव्हेंबरला तपासायला बोलावलं आहे.

तुमचा भाचा

(टीप: मामांच्या पत्रात शुद्धलेखनाच्या नऊ चुका. सांगितल्या नाहीत.)

---

२३ ऑक्टोबर

मास्तर,

आराखडा जुना आहे. त्याच्याकडे बघत बसू नकोस. कागदावर माणूस पुष्कळ काय काय काढतो. पुढची झडप पूर्ण उघडी ठेव आणि राखेच्या कप्प्याचं दार बोटभर फट ठेवून बघ. चालेल. चालायला पाहिजे.

पेटवताना वरून पेटव, खालून नाही. एक ओंजळ टाक, लाल झाली की मग डबा उघड. राख रोज काढ, भोकं बुजली की संपलं.

गुडघा फार दुखतो. जिना उतरणं बंद, त्यामुळे पेपरवाला जे वाचून टाकतो ते मी वाचतो.

आणि म्हातारी कशी आहे? खोकणं कमी झालं का? मी विचारलं असं तिला सांगू नकोस.

मामा

(टीप, २८ ऑक्टोबर: मामांनाही शेगडीचं नाव माहीत आहे. आईनंच पूर्वी कधीतरी कळवलं असणार. "तिला सांगू नकोस" हा विनोद चांगला आहे, मी दोनदा हसलो. आता खोडाखोडीची गरज नाही. तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर पुन्हा नाही.)

---

गुरुवार, ३० ऑक्टोबर. दुपारी एक वाजून दहा मिनिटं. वखारीत वजनकाट्याजवळ उभ्यानं लिहितो आहे. टपालाची गाडी दीडला निघते.

मामा,

घाईत चार ओळी. म्हातारीला सोमवारपासून गोळ्यांवर आणलं. पहिला दिवस बरा गेला, मला वाटलं निभावलं. मंगळवारी आतून घरघर सुरू झाली. बुधवारी सकाळपासून तिला हवाच मिळेना. मी आणि रंगारी आळीपाळीनं वारा घालत बसलो, काही उपयोग झाला नाही. दुपारी चार वाजून वीस मिनिटांनी विझली. तासाभरात सगळं अंग गार पडलं.

तुम्ही सांगितलेलं सगळं केलं, मामा. माझं कुठे चुकलं ते कळत नाही. रात्रभर तेच डोक्यात होतं.

उद्या सकाळी चौघांना बोलावलं आहे. उचलून अंगणात ठेवू, मग पुढचं. तुम्ही गुडघ्याचा त्रास असताना येण्याची दगदग करू नका. आलात तरी आता करण्यासारखं काही उरलेलं नाही.

तुमचा भाचा

(टीप: गाडी सुटायच्या आत दोनदा वाचून पाहिलं. एकही चूक नाही. आईबद्दल लिहायचं राहिलं, पुढच्या पत्रात.)

---

४ नोव्हेंबर

बाळा,

तुझं पत्र मिळालं. सकाळी मिळालं, आता दिवे लागलेत.

तू "विझली" लिहिलंस. दुसरा शब्द लिहिला नाहीस. तेवढ्यासाठी तुझा मी ऋणी आहे.

चुकलं कुठे म्हणून विचारतोस. तुझं कुठेच चुकलं नाही. ऐक.

तिच्या लग्नाला दोन दिवस होते. शेगडी तयार होती, फक्त मागचं हवेचं तोंड कापायचं राहिलं होतं. कारखान्यात त्या दिवशी वीज गेली. हातानं कापायला अर्धा दिवस लागला असता आणि मला नवा कोट शिवून आणायचा होता. कोट. मी तिथे पत्रा ठोकला, सहा रिव्हेट मारले, वरून काळा रंग दिला. म्हटलं नंतर जाऊन कापून येईन. मग लाज वाटली. मग वर्षं गेली. धूर येतो म्हणून ती तक्रार करायची तेव्हा मी म्हणायचो, तुम्ही लाकडं ओली घालता.

तुझे बाबा गेले त्या आठवड्यात घरभर धूर झाला होता. सगळ्यांसमोर मी तिला म्हणालो, तुम्हाला शेगडी चालवताच येत नाही. ती म्हणाली, "शेगडी तुझी, धूर आमचा." मी चप्पल घातली आणि निघालो. तिला खरं माहीत आहे असं मला त्या क्षणी वाटलं, म्हणून निघालो. राग आला म्हणून नाही.

तू दोनदा विचारलंस ते तोंड कुठे आहे. दोन्ही वेळा मी उत्तर लिहिलं आणि फाडलं. पहिल्याच पत्राला खरं लिहिलं असतं तर तू ते कापलं असतंस, धूर थांबला असता, आणि कदाचित तिला गोळ्यांची वेळ आली नसती. मी तिला लहानपणापासून म्हातारी म्हणायचो. सहा वर्षांची होती आणि साठ वर्षांच्या बाईसारखी मला दटावायची. तू पत्रात तेच नाव लिहिलंस, तेव्हा कळलं की तिनं तुला ते सांगितलं होतं. म्हणजे मला अगदीच टाकलं नव्हतं.

येऊ नकोस लिहिलंस. बरोबर आहे. चौघांत उभा राहायचा माझा हक्क नाही. खर्चासाठी पाच हजार पाठवतो आहे, नाही म्हणू नकोस.

शेगडी मोडीत घाल.

मामा

---

१० नोव्हेंबर

दादा,

पैसे मिळाले. मुलगा कामावर होता, दार मी उघडलं. पोस्टमननं कारणाच्या रकान्यातलं वाचून दाखवलं, "बहिणीच्या अखेरच्या खर्चासाठी." माझ्याकडे बघून म्हणाला, "बाई, वाईट झालं, वय काय होतं?" मी म्हटलं, पंचावन्न, आणि सही कुठे करू ते सांगा. मोजून घेतले.

मी मेलेली नाही. विझली ती तुझी शेगडी. तुझ्या भाच्याला ऱ्हस्वदीर्घ सगळं येतं, फक्त काय लिहितोय ते कळत नाही. त्याला जास्त बोलले नाही. तुझं पत्र वाचताना कागदापेक्षा तो पांढरा झाला होता.

तो पत्रा मला लग्नानंतर तिसऱ्या वर्षीच दिसला. मागची काजळी खरवडत होते, रंग निघाला, खाली नवे रिव्हेट. आराखडाही कपाटातच होता. मी काय शेगडी करणाऱ्याची बहीण नव्हे? यांना सांगितलं असतं तर यांनी अर्ध्या तासात कापून घेतलं असतं आणि जन्मभर चारचौघांत तुझी टर उडवली असती. म्हणून मी खिडकी उघडी ठेवायचे. वाटायचं, एक दिवस येशील आणि कापून जाशील. तेवीस वर्षं वाट पाहिली, त्यात मध्ये तू चप्पल घालून निघून गेलास.

म्हातारी हे नाव शेगडीला मीच दिलं. या नावानं हाक मारणारं घरात कुणी उरलं नव्हतं. कुणाला तरी मारत राहिले.

माझं खोकणं आहे तसं आहे. शेगडी अंगणात ताडपत्रीखाली आहे, मी रंगाऱ्याकडून आणलेल्या विजेच्या हीटरजवळ बसते आणि तो ऊब कमी देतो आणि आवाज जास्त करतो. मुलगा कालपासून करवत घेऊन तिच्याभोवती घिरट्या घालतोय. मी हात लावू दिला नाही. तोंड तूच कापायचंस. गुडघ्याला मागची बाजू सोपी जाईल असं ठेवलंय तिला, स्टुलावर बसून होईल.

कोट घालून येऊ नकोस.

म्हातारी

---

सोमवार, १० नोव्हेंबर. संध्याकाळी सात वाजून पाच मिनिटं. आई लिहीत होती तोवर दाराबाहेर उभा होतो. तिनं कागद घडी करून दिला आणि म्हणाली, "याच पाकिटात तुझं घाल, तिकिटाचा खर्च वाचव. आणि यावेळी मला वाचून दाखव."

मामा,

वाचून दाखवतो आहे, त्यामुळे थोडक्यात.

माझ्या एका शब्दामुळे तुला सहा दिवस जे सोसावं लागलं त्याची क्षमा कशी मागतात ते मला माहीत नाही. शब्दाचं स्पेलिंग बरोबर होतं, एवढंच. (आई म्हणते, हे वाक्य काढ. ठेवतो आहे.)

आज वखारीतून येताना शेगडीच्या मागे हात घातला. पत्र्याच्या खालच्या कडेला हलका वारा लागला. सहापैकी दोन रिव्हेट सैल आहेत. म्हणजे ती इतकी वर्षं तेवढ्यावरच श्वास घेत होती. मला वाटतं तोंड कापलं की ती नक्की चालेल. आता पहिल्यांदाच हे न मोजता लिहितो आहे.

डॉक्टरीणबाईंची तारीख पंधराची आहे. मी त्यांना भेटून वीसची करून घेतली. अठराच्या सकाळच्या गाडीचं तुझं तिकीट सोबत आहे, खालचं बाकडं, दाराजवळ, जिना नाही असा फलाट विचारून घेतला आहे. परतीचं काढलेलं नाही. आई म्हणाली, "आधी येऊ दे."

तुझ्या पैशांचा हिशेब.

आले, आईच्या अखेरच्या खर्चासाठी: ५,०००

खर्च:
तीन मिलिमीटरचा पत्रा: ६४०
ड्रिलची पाती, दोन (एक तुटलं): १८०
गोळ्या, दोन पोती: ६६०
दाराला लावायची उष्णता सोसणारी दोरी: २१०
शेगडी उचलणाऱ्या चौघांचा चहा: ९०
कापायच्या चकत्या, दोन (अजून वापरलेल्या नाहीत): १५०
तिकीट, एकेरी: १,१५०
एकूण: ३,०८०

देणे:
रंगाऱ्याला हातपंख्याचं भाडं, तीन दिवस: १२०

ते देऊन शिल्लक: १,८००. आई म्हणते ते डब्यात राहू देत, ज्या कामासाठी आलेत त्या कामाला कधीतरी लागतील, घाई नाही.

तुझ्याकडून येणे:
मागचं हवेचं तोंड, एक. चार इंच बाय दीड इंच. सव्वीस वर्षांपासून बाकी.